खोळंबोबाचं देऊळ

तुमचं तेरावं झालं आणि दुसऱ्याच दिवशी कुंडलच्या वाटेवरच्या फाट्यावरची मंडळी मलकापूरला आपल्या घरी आली. पुढे बाबालाल, फाट्यावरच्या चहाच्या हाटेलाचा. मला वाटलं, भेटायला आलेत. चहा ठेवायला उठले तर म्हणाला, "बाई, चा ऱ्हाऊ द्या. आमी एक इचारायला आलोय." मग त्यानंच सांगितलं. फाट्यावर लिंबाखाली तुमचा खोळंबोबा आहे ना, त्याला आता देऊळ बांधायचं म्हणतात. दगडी चौथरा, वर घुमटी, आणि दारावर तुमचं नाव. "गवंडी ठरलाय. तुमी फकस्त व्हय म्हना."

मी म्हटलं, विचारून सांगते. कुणाला विचारणार, असं त्यांच्यातल्या एकानंही मला विचारलं नाही. चपला घालून गेले.

तर विचारते आहे. साताऱ्याच्या साप्ताहिकाचे संपादकही येऊन गेले. म्हणाले, "वहिनी, त्यांच्यावर तुम्हीच लिहा. जन्म, शिक्षण, पुस्तकांची नावं आम्ही चौकटीत टाकतो." बरं झालं, चौकटीची सोय झाली. मला काय बोलायचं ते तुमच्याशी बोलायचं आहे. वाचणाऱ्यांनी बाजूला बसून ऐकावं.

भाऊबीज झाली आणि दुसऱ्या दिवशी सकाळी तुम्ही गेलात. घरात अजून फराळाचे डबे भरलेले होते. आलेल्या बायकांना काय द्यावं कळेना, सुतकात चकली कशी द्यायची? डबे तसेच राहिले. तुम्ही यावर एक अख्खं प्रकरण लिहिलं असतं आणि मी हसले असते. आता हसायला येत नाही.

लग्न ठरलं तेव्हा मला सांगितलं होतं, मुलगा फलटणकडचा आहे, कराडला हायस्कुलात गणित शिकवतो आणि निर्व्यसनी आहे. यातलं शेवटचं खोटं निघालं. पहिल्याच आठवड्यात न्हाणीघरातून दोन माणसांच्या भांडणाचा आवाज आला. मी घाबरून दार वाजवलं, तर आतून तुम्ही म्हणालात, "थांब जरा, समंधाची आणि हेडमास्तरची जुंपलीय." मला वाटलं, फसवलं मला, नवरा वेडा आहे. ते तुमचं पहिलं पुस्तक. चिंचेवरचा समंध शाळा तपासायला येतो आणि सगळे त्याला साहेब समजून शिरा खायला घालतात. शिऱ्याला चटावलेला समंध मग परत चिंचेवर जायलाच तयार होत नाही. सातारा, सांगलीच्या वाचनालयांत ते पुस्तक इतकं फिरलं की त्याची पानं वाळल्या पिंपळपानासारखी झाली.

लिहायची रीतही तुमची जगावेगळी. सकाळी शाळेआधी गणिताच्या पाठकोऱ्या कागदांवर लिहायचं, आणि मी भाकरीला बसले की चुलीजवळ पाट ओढून वाचायला सुरुवात करायची. मी हसले तर त्यावर तुमचा भरवसा नसे. "तू बायको हायेस, तू हसणारच," म्हणायचात. तुमचं लक्ष तव्याकडे. भाकरी करपली तर प्रकरण जमलं. नाही करपली तर कागद चुलीत. किती वर्षं आपण करपलेल्या भाकरी खाल्ल्या! माझी आई कुंडलहून आली की म्हणायची, "सुमे, तुला म्या भाकरी शिकवली न्हाई व्हय गं?" आणि तुम्ही गंभीर चेहऱ्यानं सांगायचात, "शिकवली हो. पण माझं नशीब चांगलं, ती विसरली."

परवा भाकऱ्या केल्या. एकही करपली नाही. दुरडीत तशाच राहिल्या, संध्याकाळी गाईला घातल्या.

एकदा पुण्याचे एक विद्वान कराडला व्याख्यानाला आले होते. तुमचं नाव न घेता म्हणाले, हल्ली भुताखेतांच्या पोरखेळालाही लोक कादंबरी म्हणतात. तुम्ही पुढच्या रांगेत बसला होतात. टाळ्या वाजवल्यात. घरी येऊन मात्र जेवला नाहीत, भिंतीकडे तोंड करून पडलात. मी त्या माणसाला काय काय बोलले ते छापता येणार नाही. पुढच्या पुस्तकात ते गृहस्थ वाचनालयाच्या कपाटात उलटे लटकलेले सापडले. कुणी पुस्तक काढायला हात घातला की विचारायचे, "यातून तुम्हाला काय बोध झाला?" त्या दिवशी दोन भाकऱ्या गेल्या.

खोळंबोबा तुम्हाला भेटला तो माझ्या माहेरच्या वाटेवर. कुंडलला निघालो होतो. फाट्यावर उतरलो, पुढची गाडी येण्याचं नाव घेईना. लिंबाखाली मैलाचा एक जुना दगड उपटून टाकला होता. रस्त्याला किलोमीटरचे नवे दगड बसले आणि हा बिनकामाचा झाला. तुम्ही त्याच्यावर बसलात आणि म्हणालात, "सुमन, ह्यो देव हाय." मी म्हटलं, "मग त्याच्यावर बसू नका." तुम्ही खरोखर उठलात.

माहेरी पोचेपर्यंत निम्मी कादंबरी तयार होती. देवांना कामं वाटून देत होते, तेव्हा हा उशिरा पोचला. पाऊस गेला, पीक गेलं, लेकरंबाळं गेली, खरूज नायटासुद्धा दुसऱ्यांनी उचलला. उरला होता खोळंबा, तो याच्या पदरात पडला. कुणाला काही द्यायची याला ताकद नाही, काही टाळायची तर नाहीच. हा फक्त थांबवतो. तेही मागणारा जेवढी मुदत सांगेल तेवढंच. त्यापुढं त्याला अधिकार नाही. लोक घाईघाईनं येतात, थोडकी मुदत मागतात आणि मग कपाळाला हात लावतात. फक्त एक म्हातारा हुशार निघतो. यमदूत न्यायला आल्यावर तो खोळंबोबाला सांगतो, "फाट्यावरची गाडी येळेवर येईस्तवर ह्याला थांबीव." यमदूत अजून लिंबाखाली बसलेला आहे, आणि म्हातारा त्याला अधूनमधून तंबाखू देतो. हे वाचून दाखवलंत त्या दिवशी भाकरीचा कोळसा झाला, घरात धूर झाला, शेजारच्या काकू पाण्याची बादली घेऊन धावत आल्या.

ते पुस्तक बाबालालच्या हाटेलात पोचलं. गाडीची वाट बघत बसलेल्यांत एखादा वाचता येणारा असायचा, तो वाचायचा, बाकीचे ऐकायचे. आणि दगड तर तिथंच पडलेला. कुणीतरी गंमत म्हणून त्याला उभा केला आणि शेंदूर फासला. दुसऱ्यानं गंमत म्हणून नारळ फोडला. तिसरा माणूस आला तो काही गंमत म्हणून आला नव्हता.

तुम्हाला हे कळलं तेव्हा तुम्ही मांडीवर थाप मारलीत. "चल, बघून येऊ," म्हणालात. ते लढाईचं वर्ष होतं. रजा संपवून पोरं पलटणीत परत चालली होती, आणि प्रत्येक फाट्यावर ट्रंक, वळकटी आणि एक आई असं दिसायचं. आपण गेलो तेव्हा दगडासमोर हौसाबाई बसली होती, तिथल्याच मळ्यातली. उठून तिनं तुम्हाला नमस्कार केला.

"मास्तर, तुमचा द्येव पावला की वो! माझ्या यशवंताची रजा सरली. घरातनं जायचं म्हनून पोरगं सकाळधरनं उपाशी. घासच उतरंना त्येच्या गळ्याखाली. म्या हितं भाकर बांधून आनली आन् म्हनलं, देवा, माझं लेकरू जेवस्तवर गाडी थांबीव. आली न्हाई की! जेवला, हात धुतला, पानी प्याला, तवा आली."

तुम्ही तिला समजावलंत. "आवं मावशी, ह्यो देव मी लिवलाय. कागदावर. खोटा हाय त्यो."

"आसंल," हौसाबाई म्हणाली. "पर मास्तर, कुनीतरी सांगितल्याबिगार तुमी तरी कसं लिवलं आसंल?"

परत येताना गाडीत तुम्ही एकटेच हसत होतात. "सुमन, माझ्यापेक्षा ती भारी लिहील," म्हणालात.

यशवंता परत आला नाही. तार आली. आपण तिला भेटून आलो, तुम्ही तिच्या ओसरीवर मान खाली घालून बसला होतात. पुढे काही महिन्यांनी फाट्यावर गाडी बदलायला उतरलो, तर हौसाबाई दगडाला फुलं वाहत होती. तुमचा चेहरा पांढराफटक पडला. तुम्ही म्हणालात, "मावशी, अजून कशाला?" तिनं तुमच्याकडे असं पाहिलं, जसं काही तुम्हीच लहान आहात. "जेवून गेला त्यो, मास्तर. उपाशी न्हाई गेला. तेवडं दिलं त्येनं."

त्या दिवसापासून आपलं भांडण सुरू झालं. तुम्ही म्हणालात, उद्या जातो, तो दगड उचलतो आणि कृष्णेत टाकतो. मी म्हटलं, खबरदार.

"अगं, मी हसवायला लिहिलं. ती त्याच्यापुढं रडती. मी फसवलं त्या बाईला."

"एक जेवण तिच्या पदरात पडलंय. ते काढून घ्यायचा तुम्हाला काय अधिकार?"

"जेवण गाडी लेट आली म्हणून मिळालं. दगडानं न्हाई दिलं."

"मग जाऊन तिला तसं सांगा."

तुम्ही गेला नाहीत. पण भांडण सोडलंही नाहीत. आपली बाकीची भांडणं मिटली, आमटीतल्या मिठाची, तुमच्या बहिणीच्या मानपानाची, शेजारच्या रेडिओची. हे राहिलं. मधेच जेवताना म्हणायचात, "तरी मला वाटतं, तो दगड काढायला पाहिजे." मी म्हणायची, "ताक वाढू का?" पुढच्या प्रत्येक पुस्तकाच्या सुरुवातीला तुम्ही छापलंत, यातले देव खोटे आहेत, कुणी पुजू नयेत. लोक म्हणाले, मास्तरांना काडीचा गर्व नाही. तुम्ही डोकं धरून बसलात.

त्यानंतर तुमच्या पुस्तकांत देव आलेच नाहीत. जादूगार आले, हडळी आल्या, एक बोलणारा रेडा आला. पुस्तकं खपत होती. भाकऱ्या मात्र क्वचित करपायच्या. मी एकदा मुद्दाम करपवली, तर तुम्ही वाचता वाचता थांबलात, तव्याकडे पाहिलंत, आणि ते कागद चुलीत सारलेत. माझ्यावर रागावला नाहीत. कराडच्या पोस्टात एखाद्या अनोळखी पोरानं "मास्तर, अजून एक खोळंबोबा लिवा की" म्हटलं, की तुमचं तोंड उतरायचं. मला ते दिसायचं. तुम्ही हसणं सोडलं नाहीत, पण हसवायची तुम्हाला भीती वाटायला लागली होती. मास्तरांचं लिहिणं का बिघडलं, असं लोक विचारतात, त्याला माझ्यापाशी एवढंच उत्तर आहे.

यंदा पाऊस सरता सरता तुमचं पोट दुखायला लागलं. मिरजेला नेलं. डॉक्टरांनी मला एकटीला आत बोलावलं. बाहेर आले तर तुम्ही बाकावर बसून एका म्हातारीला समंधाची गोष्ट सांगत होतात.

"काय म्हणाला डॉक्टर?"

"घरी न्या, आवडेल ते खायला घाला, म्हणाले."

"म्हंजे गेलोच म्हणायचा मी," तुम्ही म्हणालात. "तुझ्या हातचं खाऊन कोण जगलाय?"

ती म्हातारी हसली. मीही हसले. मग कोपऱ्यावरच्या नळाला तोंड धुवायला गेले आणि बराच वेळ तिथंच उभी राहिले.

घट बसायच्या आधी मी तुम्हाला म्हटलं, कुंडलला आईला बघून येते. कुंडलला गेले नाही. फाट्यावर उतरले. बाबालालनं मला पाहिलं आणि पाठ फिरवून पेले विसळायला लागला. चांगला माणूस आहे तो, तेव्हापासून आजपर्यंत त्याबद्दल कुणाला एक शब्द बोलला नाही. मी नारळ घेतला. अहो, चौथीच्या पोरांना मी शिकवते, भूत नाही, अंगात येणं नाही, नवस नाही. तीच मी तुमच्या पाठकोऱ्या कागदावरच्या देवापुढे पदर पसरून उभी होते. आणि तुम्हाला खरं सांगू? मला भक्ती नाही आली, मला तुमचा राग आला. असला मरतुकडा देव कशाला केलात? करायचाच होता तर जरा ताकदीचा करायचा. बरं करणारा करायचा. तुमच्या हातात लेखणी होती, कोण अडवणार होतं तुम्हाला?

संध्याकाळी घरी येऊन औषध द्यायला हात पुढे केला, तर तुम्ही माझं बोट धरलंत. नखाच्या कडेला शेंदूर राहिला होता. तुम्ही तो पाहत राहिलात. मला वाटलं, आता भांडण होणार, आणि मला ते हवंही होतं. पण तुम्ही हळूच विचारलंत,

"किती मागितलंस?"

"सांगितलं तर मिळत नाही."

"असं मी लिवलेलं न्हाई."

"मी घातलं ते."

मग तुम्ही हसलात. पोट दुखत होतं तरी पोट धरून हसलात, डोळ्यांतून पाणी आलं. कितीतरी वर्षांनी तसे हसलात. "बायको माझ्या पुस्तकात भर घालाय लागली," म्हणालात. आणि मग एकदम बारीक आवाजात, "त्या म्हाताऱ्यागत हुशारीनं मागितलंस न्हवं?" मी मान हलवली. तुम्ही बोट सोडलं नाहीत, तसेच धरून झोपी गेलात. एवढ्या वर्षांच्या भांडणात तुम्ही तिथं हरलात की मी हरले, ते मला अजून कळलेलं नाही.

तर बाबालालला आता काय सांगू? देऊळ नको, एवढं मी उद्याच कळवते. देऊळ झालं की पुजारी येईल. पुजारी आला की लोक खोळंबोबाकडे नोकऱ्या आणि नातवंडं मागतील. ते त्याला झेपायचं नाही, आणि दारावर तुमचं नाव असलं तर बोल तुम्हाला लागेल. एवढं तुमच्या मनासारखं करते. पण दगड कृष्णेत टाका, असं मात्र सांगवत नाही. तो तिथं राहू दे, उघड्यावर, ज्याला बसायचं त्यानं समोर बसावं. तुम्ही असतात तर यावर कडाकडा भांडला असतात. भांडायला तरी यायचं होतं हो.

आणि मान हलवली ती खोटी होती. मी म्हाताऱ्यासारखं मागितलं नाही. सगळी कादंबरी मला तोंडपाठ, तरी ऐनवेळी धीर झाला नाही. वाटलं, देव लहान आहे, त्याच्याकडं फार मागितलं तर तेही मिळायचं नाही. मी म्हटलं, दिवाळीपर्यंत थांबव. शाळेला सुट्टी असते, दिवसभर तुमच्याजवळ राहता येईल. पुढचं पुन्हा येऊन मागू. मला पक्कं माहीत आहे की तो दगड आहे. डॉक्टरांनीही साधारण तेवढंच सांगितलं होतं. सगळं माहीत असून जीव तुटतो. वर्ष मागायला काय झालं होतं मला? पुढचा पावसाळा तरी म्हणायचं.

पाडव्याला तुम्हाला ओवाळलं. तबक खाली ठेवलं, पिशवी उचलली आणि म्हटलं, जरा कुंडलला जाऊन येते. तुम्ही उशीला टेकून बसला होतात. कपाळावरचं कुंकू नाकावर सांडलं होतं.

"आज कुठं जाऊ नगंस," तुम्ही म्हणालात. "बस माझ्याजवळ."

"लगेच येते हो. दुपारच्या आत."

"बस गं."

मी बसले.